घोड्यानं ‘थांब’ म्हटलंच पाहिजे

पत्र:

ताई, हे पत्र तीनदा लिहून पुसलं. मी ३६ वर्षांची, नवरा ३९चा, लग्नाला नऊ वर्षं झाली. तीन वर्षांपूर्वी त्यानं बिचकत बिचकत सांगितलं, की त्याला घोडा व्हायला आवडेल. म्हणजे मोरखी, हार्नेस, लगाम आणि हाकणारी मी. याला पोनी प्ले म्हणतात, हे मला नंतर कळलं. आधी मी हसले, मग दोन महिने विचार केला, आणि आता खरं सांगायचं तर मलाही त्याच्याइतकंच आवडतं. घरात तो हात-गुडघ्यांवर आणि मी पाठीवर. (मी ५६ किलो, तो ७२.) गेल्या वर्षी एका वेल्डरकडून हलका दोन चाकी गाडा करून घेतला, बागेतल्या कुंड्या वाहायला लागतो असं सांगून. मे महिन्यात आम्ही दोघांनीच एक फार्महाऊस घेतलं होतं. चारी बाजूंनी भिंत. दुपारी साडेचारला सुरुवात केली. त्याच्या तोंडात रबरी कांडी, डोळ्यांना झापडं, हात मागे बांधलेले. वीस-पंचवीस मिनिटं त्यानं मला ओढलं, शेवटी चढ होता तिथंसुद्धा. मग एकदम गुडघ्यांवर बसला आणि ओकला. कांडी तोंडातच होती. ती मी कशी सोडवली ते माझं मला माहीत. नंतर म्हणाला, दहा मिनिटांपासून गरगरत होतं, पण तुझी मजा घालवायची नव्हती. तेव्हापासून मी लगामाला हात लावलेला नाही. तो म्हणतो, तुझा माझ्यावर विश्वास उरला नाही. त्याची पाठही हल्ली सकाळी धरते. बंद करून टाकू का हे? की किती वजन, किती वेळ, असा काही हिशोब असतो? आणि ताई, हे विकृत नाही ना?

— लगाम खुंटीला टांगलेली

प्रिय ‘लगाम खुंटीला टांगलेली’,

शेवटचा प्रश्न आधी घेते, कारण तो सगळ्यात सोपा. नाही, विकृत नाही. दोन सज्ञान माणसं, दोघांची राजीखुशी, बंद दार. जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची नवी यादी, आयसीडी-११, १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. तिच्यात संमतीनं चालणाऱ्या अशा आवडीनिवडींना आजार म्हटलेलं नाही. डॉक्टरकडे जायचं ते त्या आवडीचा त्या माणसालाच जाच होत असेल, किंवा समोरच्याची संमती नसेल, किंवा इजा होत असेल तेव्हा. कल्पना म्हणाल तर तीही आजची नाही. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये सुमारे सहाशे वर्षांपूर्वीचं, हातावर पाणी घालायचं एक धातूचं भांडं आहे. ॲरिस्टॉटल गुडघ्यांवर रांगतोय आणि त्याच्या पाठीवर फिलिस नावाची बाई ऐटीत बसलीय, असा त्याचा घाट. मध्ययुगात रचलेली चावट गोष्ट आहे ती: ॲरिस्टॉटलनं अलेक्झांडरला ‘बाईच्या नादी लागू नकोस’ म्हणून उपदेश केला, तर त्या बाईनं उपदेश करणाऱ्यालाच घोडा केलं. इतिहास नाहीच. पण त्या काळच्या बड्या घरांतल्या पाहुण्यांनी अशा भांड्यांतून खुशाल हात धुतलेत. तेव्हा लाजेचं नंतर बघू. मला त्याच्या गुडघ्यांबद्दल आणि श्वासाबद्दल बोलायचंय.

तुमच्या पत्रातली सगळ्यात भयंकर ओळ पाठीची नाही, उन्हाचीही नाही. कांडी तोंडात असताना तो ओकला, ही आहे. तोंडात कांडी, हात मागे बांधलेले, आणि उलटी. ओकारी श्वासनलिकेत गेली असती तर आज तुम्ही मला वेगळं पत्र लिहिलं असतं, किंवा लिहिलंच नसतं. घाबरवायला म्हणत नाही. तुम्ही घाबरलात ते बरोबर घाबरलात आणि लगाम खुंटीला टांगलात तोही योग्यच, एवढंच म्हणते. काही दिवस तो तिथंच राहू द्या.

आता त्याचं म्हणणं, की तुझा माझ्यावर विश्वास उरला नाही. खरं बोलतोय तो. उरलेला नाहीच, आणि त्याला कारण तोच आहे.

या खेळात विश्वास म्हटलं की सगळ्यांना घोड्याचा विश्वास दिसतो. त्यानं तोंड दिलं, डोळे दिले, हात दिले, केवढा हा विश्वास! आणि ज्याच्या हाती लगाम, त्याचं काय? गाड्यात बसल्यावर तुम्हाला त्याची पाठ दिसते. चेहरा झापडांआड, तोंडात कांडी, म्हणजे शब्द नाहीत. त्याच्याकडून तुमच्यापर्यंत बातमी येण्याची एकच तार उरलेली असते, ‘बास’ म्हणून ठरवलेली खूण. ती तार त्यानं स्वतःच तोडली, तीही तुमच्यावरच्या प्रेमापोटी. तुम्ही होकार दिला होता खुशीनं धावणाऱ्या घोड्याला हाकायला. गरगरणाऱ्या नवऱ्याला उन्हात चढावर हाकायला दिला नव्हता. दहा मिनिटं तुम्ही नेमकं तेच करत होतात आणि तुम्हाला पत्ता नव्हता. संमती हाकणाऱ्याचीही लागते, हे फारसं कुणी बोलत नाही. त्या दहा मिनिटांत ती तुमच्याकडे मागितलीच गेली नाही. तुमची भीती पत्रात दिसतेच, पण मला त्यात रागही दिसतो. तो गिळू नका.

त्याच्याबाजूनंही थोडं बोलते. ‘दमलो’ म्हणायला आपल्याकडे पुरुषाला कुणी शिकवत नाही. घोडा झाला तरी तो मर्द घोडाच असतो. शिवाय हे करणारे लोक आवर्जून सांगतात, की भूमिकेत खोल शिरलं की भाषा मागे पडते, डोकं शांत होतं आणि त्यातच गोडी असते. त्या शांतपणात दुखणं, तहान, चक्कर हे सगळं उशिरा कळतं. म्हणजे सगळंच त्यानं मुद्दाम लपवलं असेल असं नाही. पण याचा अर्थ एवढाच, की त्याच्या एकट्याच्या जाणिवेवर विसंबून चालणार नाही. घड्याळ तुमच्या मनगटावर हवं.

खरा घोडासुद्धा दुखणं लपवतो. शिकार होणाऱ्या जनावराला अशक्त दिसणं परवडत नाही. म्हणून घोडेवाले कान, नाकपुड्या, डोळे वाचायला शिकतात. २०१४ साली संशोधकांनी घोड्याच्या चेहऱ्यावरून वेदना ओळखायची एक मोजपट्टीच तयार केली: ताठ होऊन मागे वळलेले कान, आवळलेले डोळे, डोळ्यावरचा ताण, आवळलेला जबडा, ताणलेलं तोंड, ताणलेल्या नाकपुड्या, अशा सहा खुणा. (ती तयार झाली खच्ची केलेल्या घोड्यांचे चेहरे पाहून. हे तुमच्या नवऱ्याला सांगायचं की नाही ते तुम्ही ठरवा.) घोड्याला बोलता येत नाही, म्हणून माणसाला हे सगळे उपद्व्याप करावे लागतात. तुमच्या घोड्याला बोलता येतं. त्यानं खऱ्या घोड्याचं सगळं उचलावं, हे एक सोडून.

हे त्याच्याशी बोलायचं ते हार्नेस अंगावर असताना नाही, बिछान्यातही नाही. चहाच्या वेळी, टेबलाशी. आणि आरोपानं सुरुवात करू नका, प्रश्नानं करा: ‘गरगरायला लागलं तेव्हा तू सांगितलं असतंस, तर मी काय केलं असतं असं तुला वाटलं?’ उत्तर नीट ऐका. ‘तू हिरमुसली असतीस’ असं म्हणाला, तर गाठ तिथं आहे. कधीतरी तुमच्या तोंडून निसटलेला ‘एवढ्यात दमलास?’ त्याच्या डोक्यात बसलेला असू शकतो. गमतीत म्हटलेला असेल, पण लक्षात राहतो.

आता खुणेचं. तोंडात कांडी असेल तर शब्दाची खूण बाद. हात बांधलेले असतील तर हाताची बाद. बरेच जण ‘तीनदा पाय आपट’ असं ठरवतात, आणि चक्कर आलेल्या माणसाला नेमकं तेच जमत नाही. खूण उलट पद्धतीची ठरवा. मुंबईच्या लोकलमध्ये मोटरमनच्या हाताखाली डेड मॅन हँडल असतं. ते दाबून धरलेलं असेल तोवर गाडी चालते, हात सुटला की ब्रेक लागतात. बेशुद्ध पडलेल्या माणसानं वेगळं काही करायची गरजच नाही. तसंच इथं. त्याच्या मुठीत एक छोटी पितळी घंटी द्या, देवघरातली नको, बाजारातून वेगळी आणा. मुठीत आहे तोवर सगळं ठीक. पडली, वाजली, की तुम्ही त्याच क्षणी थांबायचं. चुकून पडली असेल तरी थांबायचं, तरी खाली उतरायचं, तरी विचारायचं. हातांवर खुरांचे मोजे घालत असाल तर घंटी धरता येणार नाही, म्हणून मोजे सध्या कपाटात.

आणि एक खूण तुमच्या बाजूनं. दर पाच मिनिटांनी लगामाला दोन हलके झटके द्या, त्यानं दोनदा पाय आपटून ‘ठीक’ सांगायचं. उत्तर आलं नाही, उशिरा आलं, एकदाच आपटलं, तर थांबा. ‘भूमिकेत होतो म्हणून आपटलं नाही’ ही सबब ऐकायची नाही.

सगळ्यात महत्त्वाचं, आणि यावर तो कुरकुर करेल: पुढचे पाच-सहा वेळा त्यानं दरवेळी घंटी टाकायचीच. काही झालेलं नसताना. मध्येच, त्याला वाटेल तेव्हा. तुम्ही थांबायचं, कांडी काढायची, पाणी द्यायचं, ‘छान केलंस’ म्हणायचं, आणि दोघांना वाटलं तर पुन्हा सुरू. रंगीत तालीम समजा. थांबलं म्हणून आकाश कोसळत नाही, बायको रुसत नाही, हे त्याच्या अंगात मुरायला हवं. कानानं ऐकून ते मुरत नाही. मी बावीस वर्षं फिजिओथेरपी केली. ‘दुखलं तर सांगा’ असं हजार वेळा सांगून जे पेशंट तोंड उघडत नसत, त्यांना मी मुद्दाम ‘आता थांबा म्हणा बघू’ अशी सवय लावत असे. मग बोलायला लागत.

आता शरीराकडे येऊ. हिशोब विचारलात, हिशोब सांगते.

घोड्यावर त्याच्या वजनाच्या साधारण पाचव्या हिश्श्यापेक्षा जास्त भार टाकू नये, असा जाणकारांचा ठोकताळा आहे. पाचशे किलोच्या घोड्यावर खोगीर धरून शंभर किलो. तुमच्या नवऱ्याचा पाचवा हिस्सा होतो चौदा-साडेचौदा किलो. त्याच्या पाठीवर बसता तुम्ही, छप्पन्न किलोंच्या, म्हणजे त्याच्या वजनाच्या पाऊण हिश्श्याहून जास्त. आणि घोड्याची पाठ भार सोसते ती बरगड्यांच्या जोरावर. त्याला सहसा बरगड्यांच्या अठरा जोड्या असतात, आणि खोगीर शेवटच्या बरगडीच्या मागे जाऊ द्यायचं नाही असा नियम आहे. माणसाला बाराच. हात-गुडघ्यांवर टेकल्यावर माणसाचा कणा खांदे आणि कंबर या दोन खांबांमध्ये झोळीसारखा लोंबतो, आणि तुम्ही बसता, माझी खात्री आहे, बरोबर झोळीच्या मध्यावर. सकाळी पाठ धरणार नाही तर काय!

म्हणून बसायची जागा बदला. मागे सरका, कमरेच्या खाली, जिथं हाताला रुंद, टणक हाड लागतं तिथं. खाली मांडीची हाडं आहेत, भार सरळ जमिनीत उतरतो. आणि पूर्ण बसूच नका. दोन्ही पाय जमिनीवर घट्ट ठेवा, निम्म्याहून जास्त वजन स्वतःच्या पायांवर घ्या. चांगला स्वारसुद्धा रिकिबीत उभं राहून घोड्याची पाठ मोकळी करतोच की. तुमच्या मांड्या भरून येतील. येऊ द्या, एकट्यानंच का दमायचं? एका वेळी दोन-तीन मिनिटं, मग उतरायचं. त्यानं पोट आत घेऊन पाठ सपाट ठेवायची, कमरेत झोळ पडला की बास. गुडघ्यांना फरशी बसवणारे कारागीर वापरतात तसले जाड पॅड आणा, हार्डवेअरच्या दुकानात मिळतात. मनगटं काटकोनात दाबली गेली की बोटांना मुंग्या येतात, म्हणून तळवे टेकण्याऐवजी जोर काढायच्या लाकडी मुठी धरायच्या. खांद्यावर बसणं मात्र नाही. त्या उंचीवरून पडलात तर दोघांची डोकी जमिनीवर.

त्याची सध्याची पाठ एकदा दाखवून घ्या. डॉक्टरला ‘वजन उचललं’ एवढं सांगितलं तरी चालेल, खोटं नाही ते. पाय बधिर होणं, दुखणं पायात खाली उतरणं, लघवी-शौचावरचा ताबा सुटणं, यातलं काही झालं तर वाट बघू नका, तडक इस्पितळ गाठा. पाठ पूर्ण मोकळी होईपर्यंत पाठीवर बसणं बंद.

माझं मत विचाराल तर गाडा हा पाठीपेक्षा कितीतरी भला प्रकार आहे. ओढताना पायांचे मोठे स्नायू काम करतात, आणि चाकं निम्मं काम करतात. फक्त चाकांना चढ कळत नाही. तुम्ही आणि गाडा मिळून ऐंशी किलो धरू. सपाट सिमेंटवर हे ओढायला एक-दोन किलोंचा जोर पुरतो. गवतावर तोच चार-आठ किलोंवर जातो. वीस फुटांत एक फूट असा साधा चढ आला की त्यात आणखी चार किलो, दहा फुटांत एक फूट असेल तर आठ. बसलेल्याला हा फरक कळतच नाही, गाडा तसाच पुढे जातोय असं वाटतं. ओढणाऱ्याची मात्र छाती फुटते. म्हणून सपाट जागा, टणक जमीन. चढ दिसला की तुम्ही खाली उतरून बाजूनं चालायचं.

पट्टे कुठून जातात तेही बघा. ओढ छातीच्या रुंद पट्ट्यावर आणि कमरेच्या हाडांवर यायला हवी. पोटावर नाही, मानेवर तर अजिबात नाही, मानेभोवती काहीच अडकवायचं नाही. गाड्यात बसायची जागा चाकांच्या बरोबर वर हवी. मागे बसलात तर गाडा उलाळतो आणि दांड्या त्याला वर उचलतात, पुढे बसलात तर सगळं वजन त्याच्या कमरेवर.

तोंडातल्या कांडीबद्दल एक गोष्ट फार कमी लोकांना ठाऊक असते. घोड्याच्या पुढच्या दातांत आणि दाढांत मोकळी जागा असते, कांडी तिथं हिरडीवर बसते. माणसाच्या तोंडात अशी जागाच नाही. कांडी येते ती थेट दातांवर, आणि लगाम ओढला की दात आणि कानापुढचा जबड्याचा सांधा यांवर तरफेसारखा जोर येतो. म्हणून कांडी शोभेपुरती, मऊ, जाड, सिलिकॉनची. लगाम तिला बांधायचाच नाही, मोरखीच्या गालावरच्या कड्यांना बांधायचा. नाक चोंदलेलं असेल तर कांडी नाही. पोट भरलेलं असेल तर नाही, जेवून निदान दोन तास होऊ द्या. आणि जोर लावायचा असेल, म्हणजे गाडा ओढायचा असेल, तेव्हा तर नाहीच. याला कारण आहे. माणूस किती दमलाय हे जोखायची सगळ्यात सोपी चाचणी म्हणजे त्याला बोलता येतंय का. पूर्ण वाक्य बोलतोय, तर ठीक. एकेक शब्द सुटतोय, तर थांबवा. कांडी तोंडात असली की ही चाचणीच हातातून जाते.

झापडं, बांधलेले हात आणि धावणं, या तिघांतलं एका वेळी एकच घ्या. झापडं लावली की पायाखालचं दिसत नाही. हात मागे असले की पडताना ते पुढे येत नाहीत, माणूस तोंडावर आपटतो. तुम्ही मे महिन्यात तिन्ही एकदम घेतलं होतं, वर ऊन, वर चढ, वर कांडी. दैव बलवत्तर म्हणायचं.

मे महिन्यात साडेचारला ऊन उतरलेलं नसतं. चामड्याच्या पट्ट्यांखाली घाम वाळत नाही, मग अंग थंड होणार कसं? सकाळी आठच्या आत करा, नाहीतर सूर्य मावळल्यावर. उन्हाळ्यात अंगमेहनतीची सवय व्हायला शरीराला दहा-चौदा दिवस लागतात. आठवडाभर एसी ऑफिसात बसून शनिवारी एकदम गाडा ओढायचा, हे गिरणीतल्या कामगारानंही केलं नसतं. आधीचा महिनाभर रोज अर्धा तास भरभर चाल, उठाबशा, थोडे जिने. चाळिशी आली आहे, तेव्हा रक्तदाब, साखर, ईसीजी एकदा करून घ्या. रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी उन्हात अंग लवकर सुकतं, काहींनी नाडी वाढतच नाही, तेव्हा गोळ्या चालू असतील तर डॉक्टरना व्यायामाबद्दल विचारा. दारू आधी नाही. पहिल्या खेपेला दहा मिनिटं, मग सावलीत बसणं, पाणी, ओआरएस किंवा मीठ-साखरेचं लिंबू सरबत.

गरगरणं, मळमळ, थंड चिकट घाम दिसला तर पट्टे सोडा, आडवं करून पाय उंच करा, ओल्या फडक्यानं पुसा, वारा घाला. तो असंबद्ध बोलायला लागला, ओळखेनासा झाला, तर तो उष्माघात समजा. तेव्हा पाणी पाजायच्या भानगडीत पडू नका, अंगावर पाणी ओता, वारा घाला आणि १०८ ला फोन करा. फोन चार्ज केलेला, रेंज असलेला, तुमच्या खिशात. दुसऱ्या खिशात बोथट टोकाची कात्री. कुठलाही बकल दहा सेकंदांत सुटत नसेल तर तो कापायचा, चामडं कितीही महागाचं असो. आणि कुलूप लावणारे पट्टे घरात असतील तर भंगारात द्या.

माझं लहानपण मिरजेतलं. स्टेशनबाहेर टांगे उभे असत. आमच्या नेहमीच्या टांगेवाल्याची एक लकब अजून डोळ्यांपुढे आहे. निघण्याआधी तो घोड्याच्या पोटाखालच्या तंगात आपला तळहात घालून बघायचा, सपाट आत जातोय ना. पोचल्यावर पैसे घेण्याआधी तंग सैल करायचा आणि मग खांद्यावरच्या फडक्यानं घोड्याच्या तोंडाचा फेस पुसायचा. आम्हा मुलांना घाई असायची, त्याला नसायची. हे उतरवणं, पुसणं, खरारा करणं तुमच्याही खेळात शेवटी असू द्या, आणि त्याला भरपूर वेळ द्या. आधी कांडी, मग झापडं, मग पट्टे. वळ उठलेत का, बोटं गार पडलीत का, ते बघा. मग त्याला त्याच्या नावानं हाक मारा, म्हणजे घोडा संपला आणि नवरा परत आला हे दोघांनाही कळतं. दुसऱ्या दिवशी कधीकधी उगाच उदास वाटतं, त्यालाच नाही, हाकणाऱ्यालाही. त्या दिवशी कामाचा डोंगर ठेवू नका.

विचारलं नाहीत तरी कायद्याचं थोडं. भारतीय न्याय संहितेचं कलम २५, म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेचं ८७, असं सांगतं, की अठरा वर्षांवरच्या माणसानं संमती दिली असेल आणि जिवाला किंवा जबर दुखापतीला कारण होईल असं काही नसेल, तर त्यात झालेली इजा गुन्हा ठरत नाही. १८६० पासून त्याखाली दिलेलं उदाहरण आहे दोघांनी मजेखातर तलवारबाजी खेळण्याचं. पण दात तुटणं किंवा निखळणंसुद्धा कायद्याच्या लेखी जबर दुखापत आहे, कांडीच्या वेळी हे आठवा. आणि फोटो काढले असतील तर ते दोघांच्या होकारानं, चेहरा न दिसणारे, क्लाऊडवर नकोत.

तर बंद करू का, याचं माझं उत्तर: महिनाभर बंद, मग घरातल्या घरात, गाडा नाही, कांडी नाही, फक्त मोरखी, लगाम आणि मुठीत घंटी. दहा मिनिटं चाल. त्यानं घंटी टाकलीच नाही, तर त्या दिवशी खेळ तिथंच संपला आणि पुढच्या वेळी पुन्हा पहिल्यापासून. तो म्हणेल, ‘एवढं काय, माझ्यावर विश्वास ठेव ना.’ सांगा त्याला, तुझ्यावर ठेवीन, आधी तुझ्या घंटीवर ठेवता येऊ दे.

गाडा दिवाळीनंतर बाहेर काढा. पावसाळ्यात ओल्या गवतावर पाय घसरतो आणि चिखलात चाकं रुततात, मग ओढणाऱ्याचे हाल. तोवर त्या वेल्डरकडे परत जा आणि गाड्याला हातानं लावायचा ब्रेक बसवून घ्या, बसणाऱ्याच्या हाताशी. उतारावर ऐंशी किलो मागून त्याच्या टाचांवर यायला नकोत. वेल्डर विचारेलच, कुंड्यांच्या गाड्याला ब्रेक कशाला. सांगा, आमच्या बागेला उतार आहे.

— तुमची ताई